फुली कुठे होती

मंगळवारी सकाळी अकरा वाजता बिट्टी कचेरीत आली. दाराजवळच्या टेबलावर बसणाऱ्या मुलीने नाव विचारलं, तिने सांगितलं, आणि ती मुलगी हसून म्हणाली, "म्हणजे बुडालेली बिट्टी?" अठ्ठावन्न वर्षांच्या बाईने यावर काय बोलायचं?

"तीच," ती म्हणाली. "जरा पाणी मिळेल का?"

आतल्या खोलीत शाईकाकांनी तो आवाज ओळखला आणि हातातला ब्रश खाली ठेवला. बिट्टी त्यांची सख्खी पुतणी. पन्नास वर्षांत तिने या कचेरीत पाऊल टाकलं नव्हतं, आणि टाकू नये असं तिला वाटलं असेल तर त्यात तिची काही चूक नव्हती.

ही कचेरी चित्रकथांची. दर महिन्याला इथून 'वादळ्या'चा अंक निघतो. वादळ्या म्हणजे छातीवर वावटळीचं चिन्ह मिरवणारा, वाऱ्यावर स्वार होऊन बुडणाऱ्या, पडणाऱ्या, अडकलेल्या माणसांना वाचवणारा गडी. तो हे सगळं का करतो ते शेंबड्या पोरालाही तोंडपाठ आहे. त्याची धाकटी बहीण बिट्टी होडी उलटून त्याच्या डोळ्यांदेखत बुडाली आणि त्याला तिला वाचवता आलं नाही. पहिल्या अंकाचं सातवं पान. पानभर काळं पाणी आणि त्यातून वर आलेला एक लहानसा हात. ते पान मोठं करून कचेरीच्या भिंतीवर लावलं होतं. खऱ्या बिट्टीने त्याच्याखालच्या बाकावर बसून पेलाभर पाणी संपवलं आणि एकदाही मान वर केली नाही.

वादळ्या काढला तो तिच्या वडिलांनी, म्हणजे शाईकाकांच्या दादाने. दादा पेन्सिलीने चित्र काढायचा आणि शाईकाका ब्रशने त्यावर शाई फिरवायचे. शाई वाळली की पेन्सिल खोडून टाकायची, आणि मग पान छापखान्यात. जिथे सगळं काळं भरायचं तिथे दादा एक छोटी फुली मारून ठेवायचा. जिथे फुली तिथे काळं. दोघा भावांमध्ये एवढीच बोली, त्यासाठी तोंड उघडावं लागत नसे. वादळ्याच्या बहिणीला दादाने घरातल्याच आठ वर्षांच्या पोरीचा चेहरा दिला, पुढच्या पडलेल्या दातासकट. वर नावही तिचंच ठेवलं. नवं शोधायचा आळस, दुसरं काय!

अंक निघाला आणि लोकांनी डोक्यावर घेतला. शाळेत पोरं बिट्टीला चिमटे काढून बघायची. "अगं, तू तर मेलीस ना?" म्हणायची. आईने तिला पुढे कधी तळ्यावर, नदीवर, सहलीला जाऊ दिलं नाही. मोठी होऊन ती चष्म्याच्या दुकानात लोकांचे नंबर तपासायला लागली, तरी एखादं गिऱ्हाईक तिचं नाव ऐकून काचेमागून टक लावून बघायचंच.

"काका," शाईकाका बाहेर आले तेव्हा ती म्हणाली, "बाबांना मी आठवत नाही. अंक आठवतो."

काकांना हे थोडंफार माहीत होतं. दादा चौऱ्याऐंशीचा. दोन वर्षांपासून त्याच्या डोक्यातून एकेक माणूस निघून चाललं होतं. काका दर रविवारी जायचे, तेव्हा तो त्यांना बरोबर ओळखायचा, फक्त बावीस वर्षांचा समजून रागवायचा. पण बिट्टीने पुढे सांगितलं ते त्यांना ठाऊक नव्हतं.

"बादलीत नळ सोडला की उठून बसतात. 'काढा तिला, हात दिसतोय अजून,' म्हणून ओरडतात. मी समोर उभी राहते, म्हणते बाबा, ही बघा मी. तर मला म्हणतात, 'बाई, तुमचं कुणी गेलं नाही म्हणून तुम्हाला थट्टा सुचते.' रोज काका. रोज त्यांची मुलगी नव्याने बुडते. डॉक्टर म्हणाले, आता फार दिवस धरू नका. मला ते असे जायला नकोत. रडत रडत, तेही माझ्यासाठी आणि माझ्यासमोर."

तिला एक पान हवं होतं. बिट्टीला पाण्यातून वर काढलेलं. तिने एका चित्रकाराकडून तसं करून घेतलंही होतं. दादाने ते हातात घेतलं, उजेडाकडे धरलं आणि फेकून दिलं. "हा माझा हात नाही," म्हणाला. मेंदू गेला तरी नजर गेली नव्हती.

"तुमच्याकडे जुनं काही असेल," ती म्हणाली. "बाबांच्या हातचं."

संपादकबाईंनी दोघांना आपल्या खोलीत बसवलं. बाई पंचेचाळिशीच्या, बोलायला सरळ आणि वादळ्याच्या बाबतीत डोळ्यांत तेल घालून बसलेल्या. त्यांच्या टेबलावर एक जाड हिरवी वही असते. वादळ्याच्या जगात काय घडलंय आणि काय घडूच शकत नाही, ते सगळं त्यात. नवा लेखक आला की आधी ती वही त्याच्या हातात. पहिल्या पानावर पहिली ओळ: बिट्टी बुडते.

"तसं पान नाही," बाई म्हणाल्या. "आणि नवं काढू देणार नाही. वीस वर्षांपूर्वी एका लेखकाने तिला परत आणली होती, पाण्याखालच्या राज्याची राणी करून. तीन पोती भरून पत्रं आली. पुढच्याच अंकात वादळ्याला जाग आली आणि ते सगळं स्वप्न होतं असं करावं लागलं."

"आणि वाचलीच असती तर काय आभाळ कोसळणार होतं?" काका म्हणाले.

"वाचली तर हा माणूस असले कपडे घालून छपरांवर कशाला चढेल, काका? बहिणीला शाळेत सोडेल, घरी येईल, जेवेल."

"मग जेवू दे की! पन्नास वर्षं उपाशी आहे बिचारा."

बिट्टी हसली. बाईही हसल्या, पण लगेच थांबल्या. मग त्यांनी वही मिटली आणि मिटलेल्या वहीवर दोन्ही हात ठेवले.

"माझा भाऊ गेला तेव्हा मी दहा वर्षांची होते. घरात कुणी त्याचं नाव काढत नव्हतं. लोकांनी मला शेवट गोड होणारी पुस्तकं आणून दिली, मी ती फाडून टाकली. हा अंक मात्र उशीखाली घेऊन झोपायची. वाटायचं, इथे कुणीतरी खरं बोललंय. त्याची बहीण गेली, परत आली नाही, आणि तरी तो रोज उठतो." त्या बिट्टीकडे बघत होत्या. "आता तुम्ही म्हणता, तिला वर काढा. मग माझा भाऊ तिथे एकटाच राहील ना."

बिट्टीने पर्सचा पट्टा बोटाला गुंडाळला, सोडवला. मग म्हणाली, "मला छापायला नकोय. एका म्हाताऱ्याला दाखवायला हवंय."

"ती बुडणारच नव्हती," शाईकाका एकदम बोलून गेले.

बाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. काकांना वाटलं, आता तोंडातून गेलंच आहे तर जाऊ दे सगळं.

ते तेव्हा बावीस वर्षांचे होते. सातवं पान दुपारी हातात आलं आणि संध्याकाळी छापखान्यात द्यायचं होतं. दादाने पाण्यात बिट्टीचा चेहरा काढला होता, वर आलेला हात काढला होता. आठव्या पानावर वादळ्या तिला ओढून काढणार होता, ते अजून काढायचं होतं. काकांनी फुली बघितली, काळं भरलं, पेन्सिल खोडली. चेहरा गेला, उरला नुसता हात. कचेरीच्या मालकांनी ते पान पाहिलं आणि टाळी वाजवली. मुलगी बुडाली! याला म्हणतात गोष्ट! आठवं पान त्यांनी बदलायला लावलं. घरी वहिनीने अंक बघितला आणि आकांत मांडला. स्वतःच्या पोरीला मारलंत? तेव्हा दादा म्हणाला, मी फुली बाजूच्या पाण्यावर मारली होती, या गाढवाने चेहऱ्यावर काळं फासलं.

"आई सांगायची," बिट्टी हळूच म्हणाली.

तिच्या आईने दोन वर्षं काकांना उंबरठा चढू दिला नव्हता. आणि काका मूग गिळून बसले, कारण त्यांना खरंच आठवेना. त्यांच्या मनात फुली चेहऱ्यावर होती. पण दादा म्हणतो तर नसेल. घाईत नजर चुकली असेल. पेन्सिल खोडून टाकलेली, पुरावा कुठून आणणार? तेव्हापासून काकांनी कानाला खडा लावला. काळं भरण्याआधी ते दोनदा विचारतात. कचेरीतली पोरं त्यांना चहाही दोनदा विचारून देतात, काळा का दुधाचा, नक्की ना काका, आणि खिदळतात. काकाही हसतात. पण भिंतीवरच्या त्या हाताकडे पाठ करून बसता येईल अशी जागा त्यांनी स्वतःसाठी केव्हाच बघून ठेवली होती. कधी कधी भर दुपारी त्यांना वाटायचं, पाठीमागे कुणीतरी ओल्या पावलांनी उभं आहे आणि वाट बघतंय.

"तुमची चूक असेलही," बाई शेवटी म्हणाल्या. आवाज कडक नव्हता. "पण पन्नास वर्षं लोक त्या चुकीसाठी रडलेत. आता तीच खरी."

बिट्टी गेली. दारापर्यंत सोडायला गेलेल्या काकांना ती म्हणाली, "तुमच्यावर राग नाही हं काका." त्यापेक्षा तिने दोन शिव्या दिल्या असत्या तर काकांना बरं वाटलं असतं.

आता योगायोग म्हणा किंवा काही म्हणा, सातव्या पानाचा मूळ पुठ्ठा त्या आठवड्यात काकांच्याच टेबलावर होता. पन्नास वर्षांचा खास अंक निघायचा होता. जुनी शाई तडकली होती, तिच्यात पुन्हा काळं भरायचं काम त्यांच्याकडे होतं. जेवणाच्या सुट्टीत सगळे खाली गेले. काका पुठ्ठ्यासमोर बसले. या काळ्याच्या खाली दादाच्या हातचा चेहरा आहे. खोडरबर फक्त उघड्या पेन्सिलीवर चालतं, शाईखाली गाडली गेलेली रेघ तशीच राहते. आणि दादाचा हात तर असा जड, की पानाच्या मागूनही रेघा बोटाला लागायच्या.

त्यांनी पातं घेतलं. शाई खरवडायची म्हणजे पातं आडवं धरायचं, दाब द्यायचा नाही, कांद्याचा पापुद्रा सोडवावा तसं एकेक पदर काढायचं. काळी पूड निघायला लागली. ती काका फुंकून टाकत होते. आधी राखाडी दिसलं, मग केसांची रेघ, मग एक डोळा. काकांचा हात थांबला. डोळा उघडा होता आणि थेट त्यांच्याकडे बघत होता. त्यांनी घाम पुसला आणि पुढे खरवडलं. दुसरा डोळा आला, मग नाक, मग पडलेल्या दाताची फट. पोरगी घाबरलेली नव्हतीच. भाऊ येतोय हे दिसलं म्हणून ती हसत होती.

आणि त्या हसऱ्या चेहऱ्यावर, कपाळापासून हनुवटीपर्यंत, फुली होती. बाजूच्या पाण्यावर नव्हती. बरोबर चेहऱ्यावर, जड हाताने, पुठ्ठ्यात रुतेल इतकी दाबून मारलेली.

काकांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पन्नास वर्षं! आपल्याच डोळ्यांवर विश्वास नाही ठेवला पन्नास वर्षं. वहिनी गेली तेव्हा शेवटच्या आजारात तिने "काळजी घ्या" म्हटलं, "माफ केलं" म्हटलं नाही, ते शब्द आजही छातीत रुतून होते. आणि हा सगळा वेळ त्याला माहीत होतं.

"काका, हे काय केलंत?"

संपादकबाई मागे उभ्या होत्या. काकांनी पातं खाली ठेवलं. आता नोकरी जाणार हे नक्की. बाई वाकल्या. त्या चेहऱ्याकडे त्यांनी इतका वेळ पाहिलं की काकांनाच अवघडल्यासारखं झालं.

"हसतेय ती," बाई म्हणाल्या. मग बोटाने, न टेकवता, हवेतच फुली गिरवली. "म्हणजे त्यांनी स्वतःच."

"स्वतःच."

बाई खुर्चीवर बसल्या. डोळे भरून आले होते, ते त्यांनी लपवले नाहीत. "माझ्याकडे काळ्या पानाचा जुना फोटो आहे. छापणार तेच. वहीत जे आहे ते बदलणार नाही."

"छापा. जगाची बिट्टी राहू दे तिथे, तुमच्या भावाच्या सोबतीला," काका म्हणाले. "पण ही मला द्या."

"सहापर्यंत परत आणा," बाई म्हणाल्या आणि पुठ्ठा गुंडाळायला त्यांनीच कागद काढून दिला.

घरी दादा खिडकीपासून लांब, भिंतीकडे तोंड करून बसला होता. खिडकीतून शेजारच्या छपरावरची पाण्याची टाकी दिसते म्हणून खुर्ची फिरवलेली. काकांचा फोन गेल्यावर बिट्टी दुकानातून लवकर आली होती. काकांनी वाटेत शंभर वाक्यं जुळवली होती, एकाहून एक जहाल. त्यांनी पुठ्ठा दादाच्या मांडीवर ठेवला आणि शंभरातलं एकही वाक्य आठवलं नाही.

"दादा, ही फुली कुणाची?"

दादाने पुठ्ठा उचलला, उजेडाकडे धरला. त्याची पाठ ताठ झाली.

"माझी," तो म्हणाला. "पान हलकं पडत होतं. नजर ठरत नव्हती कुठे. इथे काळं लागत होतं."

एवढंच! काका बघत राहिले. त्यांना वाटलं होतं, काहीतरी मोठं कारण असेल. दुःखाशिवाय वीर घडत नाही, असलं काही. हिरव्या वहीतली ती पहिली ओळ, तीन पोती पत्रं, संपादकबाईंची उशी, सगळ्याच्या मुळाशी पान हलकं पडत होतं!

"आणि वहिनीला माझं नाव का सांगितलंस?"

"ती रडत होती. पुढच्या पानावर काढणारच होतो पोरीला वर, मालकाने काढू दिलं नाही. तिला काय सांगू?" दादा खेकसला. "तू लहान. तुला काय फरक पडतो!" मग त्याची नजर पुन्हा पानावर गेली आणि आवाज फुटला. "मी मारली रे तिला. फुली मी मारली. खोड ती. खोड ना!"

त्याने अंगठ्याने पुठ्ठा घासायला सुरुवात केली. काकांनी त्याचा हात पकडला. "थांब. चेहराही पेन्सिलीचाच आहे. आत्ता खोडलं तर फुलीबरोबर तीही जाईल."

"मग?" बिट्टीने विचारलं. तिचा जीव टांगणीला लागला होता.

मग काय? मग शाईवाल्याचं काम. खरवडलेल्या कागदावर शाई फुटते, म्हणून काकांनी आधी पातळ कागद ठेवून चमच्याच्या पाठीने ती जागा घोटून घेतली. पिशवीतून बाटली आणि सगळ्यात बारीक ब्रश काढला. राग होताच, तो कुठे गेला नव्हता. पण ब्रश टेकवताना श्वास रोखावा लागतो, आणि श्वास रोखून माणसाला भांडता येत नाही. डावी भुवई, डोळा, गाल, मग हसू. दाताची फट त्यांनी मोकळी सोडली. फुलीच्या रेघा वाटेत आल्या, त्यांच्यावरून ब्रश ओलांडून गेला. दादा नाकाला नाक लावून बघत होता. "सावकाश रे, हनुवटी सांभाळ," पुटपुटत होता. एकदा काकांनी सवयीने विचारलं, "एवढंच ना? काळं नाही ना कुठे?" आणि दादा म्हणाला, "नाही. कुठेच नाही."

शाई वाळेपर्यंत तिघंही पानावर वाकून बसली. मग काकांनी खोडरबर फिरवलं. फुली गेली. पुठ्ठ्यात तिचा चर राहिला, पण तो तिरप्या उजेडातच दिसायचा. सगळ्या काळ्या पाण्याच्या मधोमध आठ वर्षांची पोरगी दात पडलेल्या तोंडाने हसत वर आली होती.

"आली," दादा म्हणाला. "आली रे वर! माझाच हात आहे. बाई, बाई, इकडे या! माझी मुलगी वाचली."

बिट्टी पुढे आली आणि खुर्चीजवळ गुडघे टेकून बसली. तिने एकदा काकांकडे पाहिलं. काकांना वाटलं, आता सांगेल, मीच ती. त्यांनी मान खाली घातली.

"हो," ती म्हणाली. "पाहिलं मी. वाचली."

"गार पाण्यात होती हो कधीची. टॉवेल आणता का एक?"

ती आत गेली. नळ सुटल्याचा आवाज आला, तिने तोंडावर पाणी मारलं असावं. दादा दचकला नाही, पान बघत राहिला. टॉवेल घेऊन ती परत आली आणि तो कुणाला द्यावा हे न कळून तशीच उभी राहिली. दादाने मान वर करून तिच्याकडे नीट पाहिलं, परक्या माणसाकडे बघावं तसं, अदबीने.

"अहो, तुम्हीही भिजलात की," तो म्हणाला. "आधी तुम्ही पुसून घ्या."